गॉब्लिनांसाठी घातलेलं गाऱ्हाणं

गॉब्लिन मालवणीत बोलतील, असं आमच्या डबिंग डायरेक्टरने मिटिंगमध्ये जाहीर केलं आणि माझं डोकं फिरलं.

परदेशी व्हिडिओ गेम होता. त्याचे मराठी संवाद लिहायचं काम माझ्याकडे. त्या जगात उंच, गोरेपान, हजारो वर्षं जगणारे एल्फ आहेत, डोंगर पोखरणारे बुटके ड्वार्फ आहेत आणि जमिनीखाली बिळांत राहणारे गॉब्लिन आहेत. आमचा स्टुडिओ परळला, गिरणीच्या जागेवर उभ्या राहिलेल्या एका टॉवरमध्ये. डायरेक्टर दादरचाच, चांगला मराठी. त्याच्या मते एल्फ पुण्याचं शुद्ध मराठी बोलणार. ड्वार्फ कोल्हापुरी, कारण ते रांगडे पण दिलदार. आणि गॉब्लिन मालवणी.

"अगं, ते दाटीवाटीने राहतात, सुकी मासळी खातात, दिवसभर भांडतात. फनी वाटलं पाहिजे ना," तो म्हणाला.

मी मालवणी, नायगावच्या बीडीडी चाळीत वाढलेली. एका खोलीत सगळं कुटुंब, आणि सुके बोंबील भाजले की वास जिन्यापर्यंत. मी त्याला म्हटलं, हे तू माझ्या घराचं वर्णन करतोयस. तर म्हणे, "पर्सनली नको घेऊ." हे वाक्य ज्याने शोधून काढलं त्याला मला एकदा भेटायचंय. एल्फ हजार वर्षं जगतात, त्यात एकदाही कुणी त्यांना भांडी घासताना पाहिलेलं नाही, तरी ते थोर. गॉब्लिन हलकट, कारण ते बिळात राहतात. त्यांना बिळात कोणी ढकललं हा प्रश्न गेम लिहिणाऱ्याला पडलेला नाही आणि आमच्या दीडशहाण्यालाही नाही.

पुढे लढाईचा प्रसंग होता. त्याआधी गॉब्लिनांचा म्हातारा आपल्या देवापुढे उभा राहतो. डायरेक्टरला तिथे गाऱ्हाणं हवं होतं. आमच्याकडे पूजेला एक जाणता माणूस सगळ्यांच्या वतीने देवाला हाक मारतो, कुणाचं काय अडलंय ते सांगतो, रक्षण मागतो, आणि बाकीचे प्रत्येक मागण्यावर "व्हय म्हाराजा" म्हणतात. आमच्या चाळीत ते काम बाबांचं. ऑफिसातले सगळे पूजेच्या प्रसादाला येऊन गेलेले, त्यामुळे हे सगळ्यांना ठाऊक. मी नाही म्हणणार हे ओळखून डायरेक्टरने थेट बाबांनाच फोन केला.

बाबांनी त्याला एकच विचारलं, गाऱ्हाणं कोणासाठी घालायचं. तो म्हणाला, "डोंगराखाली राहणारी गरीब माणसं आहेत काका. त्यांच्यावर हल्ला होणार आहे."

हे मला बाबांकडूनच कळलं, ते धुतलेला सदरा घालून स्टुडिओत येऊन बसल्यावर. मी त्यांना म्हटलं, हा खेळ आहे, ती माणसं खरी नाहीत, चला घरी. बाबा म्हणाले, "खरी नसांत. पण गाऱ्हाणा खोटा घालूक येणा नाय, बाय." आणि ते चपला बाहेर काढून माइकपुढे जाऊन उभे राहिले. डोक्यावर टोपी घातली. नारळ नाही म्हणून नुसते हात जोडले.

"बा देवा म्हाराजा, आज ही तुझी लेकरां तुझ्या पायाकडे इली हत. तेंका दुसरो थारो नाय. तेंच्या पोराबाळांक राख. जो कोण तेंच्या वायटावर आसात, तेका वाटेतच आडव रे म्हाराजा."

व्हय म्हाराजा म्हणायला ऑफिसातली चार-पाच पोरं उभी केली होती. ती हसू दाबत होती. डायरेक्टर काचेपलीकडे दोन्ही अंगठे दाखवत होता.

बाबा बाहेर आले, चपला घातल्या आणि विचारलं, "ह्येंचा फुडे काय होता?"

"मरतात की सगळे," डायरेक्टर हसत म्हणाला. "काका, तुमचं संपलं की हीरो येतो आणि सगळ्यांना उडवतो. फुल कॉमेडी."

बाबांचा चेहरा उतरला. "मगे ता पुसून टाका," ते म्हणाले. "मी रक्षण मागलंय तेंच्यासाठी. मागून झाल्यावर मारूचा नाय."

डायरेक्टरने पुसलं नाही. इतका भारी टेक परत मिळणार नाही म्हणाला. मी भांडले, वर तक्रार केली, शेवटी काम सोडलं. गेम बाजारात आला. बाबांचं गाऱ्हाणं त्यात आहे, आणि त्याच्या शेवटच्या शब्दावर कत्तल सुरू होते. लोक त्याच्या क्लिपा एकमेकांना पाठवतात, हसून हसून रडणाऱ्या तोंडांसकट. एक मलाही आली. पाठवणारा मित्रच होता. मी त्याला जे सुनावलं ते इथे लिहिण्यासारखं नाही.

यंदाची पूजा आमची चाळ पाडून बांधलेल्या नव्या टॉवरच्या पार्किंगमध्ये झाली. बाबांनी नेहमीसारखं आजारी माणसांचं मागितलं, लग्नाच्या मुलींचं मागितलं, परगावी गेलेल्यांचं मागितलं. मग डोक्यावरची टोपी सारखी केली.

"आणि ती डोंगराखाली ऱ्हवतत, तेंकाय राख रे म्हाराजा. मी शब्द दिलंय."

कोण डोंगराखाली, हे कुणालाच माहीत नव्हतं. तरी सगळं पार्किंग एका सुरात म्हणालं, "व्हय म्हाराजा." मीही म्हणाले, दातओठ खाऊन, जो कोण तेंच्या वायटावर आसात त्याचा चेहरा डोळ्यांपुढे आणून.