विमानापुढचा नारळ

त्याला मान वर करून चालताना मी कधी पाहिलंच नाही. ऐंशीच्या दशकात ॲरिझोनातल्या एका संग्रहालयात राष्ट्राध्यक्षांचं जुनं, चार पंख्यांचं विमान दुरुस्त होत होतं. मी शनिवारी मदतीला जायचो. हा म्हातारा मेकॅनिक सतत जमिनीवरचे खडे, स्क्रू वेचून खिशात टाकायचा. “पंख्याने उचलून पात्यावर आपटायच्या आधी मी उचलतो,” म्हणायचा. हसायचा मात्र नाही.

इंजिन पहिल्यांदा चालू करायचं होतं त्या सकाळी आमच्या शेजारच्या काकू नारळ घेऊन आल्या. मी “काकू, इथे नको!” म्हणेपर्यंत त्यांनी तो विमानापुढे फोडलासुद्धा.

“नव्या गाडीपुढे फोडतोच की रे!”

पायलटचा हात बटणावर होता. म्हाताऱ्याने दोन्ही हात आडवे करून त्याला थांबवलं आणि तो गुडघ्यांवर बसला. एकेक तुकडा वेचून तो करवंटी जुळवायला लागला. इंजिन बघायला आलेले पाहुणे उन्हात ताटकळले. “झाडून टाका ना!” कोणीतरी ओरडलं. त्याने मान वर केली नाही.

“एक तुकडा कमी आहे. तो मिळेपर्यंत पंखा फिरणार नाही.”

तो चाकाखाली हात घालून चाचपत होता.

“काय शोधतोय रे तो?” काकूंनी विचारलं. मी सांगितलं.

त्यांनी मूठ उघडली. “हा? प्रसाद आहे. त्याच्यासाठीच ठेवलाय.”

म्हाताऱ्याने तुकडा आधी करवंटीत बसवून पाहिला. मग खोबरं खाल्लं, करवंटी खिशात टाकली आणि पायलटकडे बघून अंगठा वर केला.