कुमुदचं गाणं

आप्पा इतके बेसूर गात की गणपतीच्या आरतीला आम्ही त्यांना मुद्दाम मागे उभं करायचो. तरी आवाज त्यांचाच सगळ्यांच्या वर. माझी मुलगी कानांवर हात ठेवून इथल्या शाळेतल्या इंग्रजीत ओरडायची, "आजोबा सो ऑफ-की, लाह!" आप्पा उलट खूश व्हायचे. या माणसाला लाज कशी नाही, असं मला वाटे.

नव्वदच्या दशकातली गोष्ट. इथे परदेशात, ईस्ट कोस्टच्या समुद्राजवळच्या आमच्या कॉन्डोत ते शेजारच्या फ्लॅटमध्ये मुलाकडे राहत. मुलगा विलास बोटीवर चीफ इंजिनिअर, सहा-सहा महिने समुद्रावर. आप्पा ऐंशीला टेकलेले. तरुणपणी ते नकला-गाण्यांचे खेळ करणाऱ्या एका फिरत्या मंडळीत बायकांची कामं करायचे. बोलपट आले, तंबू ओस पडले, तेव्हा मालकांनी पडदे विकले आणि अख्खी मंडळी स्टुडिओत नेऊन उभी केली. "कॅमेऱ्याला खऱ्या बायका हव्या होत्या," आप्पा सांगत. "मी त्याच आठवड्यात मिशी वाढवायला घेतली!" नायिका झाली त्यांची बायको, कुमुद.

विलास दोन वर्षांचा असताना ती गेली. बोलपटातला तिच्या गाण्याचा तुकडा तेवढा उरला होता. विलासने तो खटपटी करून व्हिडिओ कॅसेटवर उतरवून घेतला होता. नुसत्या गाण्याची वेगळी कॅसेट प्रत्येक बोटीवर त्याच्याबरोबर जाई. "आईचा आवाज आहे, वहिनी," म्हणायचा.

एकदा तो बोटीवर असताना मी पोहे घेऊन गेले. आप्पा स्वयंपाकघरात लसूण सोलत होते, बाहेर टीव्हीवर तेच गाणं लावलेलं. ऐन तानेत टेप अडकली. गाणं मात्र थांबलं नाही! तीच तान, तीच हरकत, वयाने खरखरीत झालेली पण सुराला धरून, स्वयंपाकघरातून येत होती. माझ्या हातातली बशी खाली पडली.

आप्पांचा चेहरा पांढराफटक पडला. मग त्यांनी सांगितलं. शूटिंगच्या दिवशी माइक बघून कुमुदची वाचाच बसली. तेव्हा गाणं तिथल्या तिथे रेकॉर्ड होई. मालक रडकुंडीला आले. शेवटी आप्पा पुठ्ठ्याच्या तुळशीवृंदावनामागे उकिडवे बसून गायले आणि तिने नुसते ओठ हलवले.

"तोंड तिचं, गळा माझा. संसारात एवढं चालायचंच," ते म्हणाले. मग माझा हात घट्ट धरला. "विलासला सांगू नकोस हं. आईचं म्हणून त्याच्याजवळ दुसरं आहे काय? पोराचा कान तयार आहे, लगेच ओळखेल. म्हणून तर जन्मभर बेसूर गातोय." मी कबूल केलं आणि सांडलेले पोहे गोळा करायला घेतले.

दोन वर्षांनी आप्पा गेले. अंत्यसंस्कार उरकून आल्यावर विलास आप्पांच्या खोलीत जाऊन बसला. मग म्हणाला, "आईचा आवाज तरी राहिला, वहिनी. बाबांचा एक शब्दही मी टेप करून ठेवला नाही. आता कुठे ऐकू?"

सांगावं तर त्याची आई जाते, न सांगावं तर बाप.

"आईचं गाणं लावा ना," मी म्हटलं. "आप्पांना आवडायचं."

त्याने ते लावलं आणि डोळे मिटून आईला ऐकत बसला.