घरट्यावरचा उजेड

चिंचोलीच्या जंगलातल्या स्वर्गीय नर्तक पक्ष्याच्या घरट्याचा फोटो मी काल इथं टाकला होता. इतका स्वच्छ उजेड कसा मिळाला, असं तुमच्यापैकी काहींनी विचारलं.

घरट्यावर पानांची एक फांदी आडवी येत होती. ती मी कापली.

आज दुपारी परत गेलो. तिन्ही पिल्लं घरट्यात मरून पडली होती. मादी शेजारच्या डहाळीवर चोचीत चतुर किडा धरून बसली होती.

पलीकडं मेंढरं चारणारे म्हातारे अप्पा जवळ आले.

"फांदी कामून तोडलाव, मास्तर?"

"फोटोत आडवी येत होती, अप्पा."

"सावली होती की ती. पिल्लं हाईत म्हणून मी मेंढरंबी इकडं आणत नव्हतो." मग कॅमेऱ्याकडं बघत म्हणाले, "आता काढा की फोटो. आता काय बी आडवं येत न्हाई."

मी काढला नाही.

कालच्या फोटोत पिल्लांच्या चोची उघड्या आहेत. किती भुकेली आहेत, असं तुम्ही लिहिलंत. मलाही तसंच वाटलं होतं. तो फोटो आता पुन्हा बघा. मे महिन्याचं ऊन थेट त्यांच्या अंगावर आहे.

घरट्यासमोरची फांदी तुम्हीही कधी कापली आहे का? नंतर परत जाऊन बघितलंत का?