बावडीतला शेजार

आमच्या थोरल्या जाऊबाईंना, सुभद्राबाईंना, सगळं धार शहर टरकून होतं, असं आता लोक सांगतात. काहीतरीच! लोक टरकून होते बावडीला. जाऊबाईंना कोण भिणार? त्या बाई भाजीवालीशीसुद्धा घासाघीस करत नाहीत.

संवत छप्पनच्या दुष्काळानंतर एका संध्याकाळी आमच्या परसामागच्या बावडीत, त्या पायऱ्यांच्या विहिरीत, आभाळातून काहीतरी जळत पडलं. पाणी उकळलं, निवलं, आणि आत कोणीतरी राहायला आलं. कोण ते मला विचारू नका, डोळ्यांनी कोणीच पाहिलं नाही. पुढे एकदा दोर तुटून जाऊबाईंचा पितळी गडू आत पडला. दुसऱ्या दिवशी बघतो तर गडू पायरीवर उभा, काठोकाठ भरलेला. दुसरी कोणी असती तर रामराम म्हणत पळाली असती. आमच्या जाऊबाई म्हणतात कशा, "बघ यमुने, याला रीत कळते. भांडं रिकामं नाही धाडलं. मग मी तरी रिकामं कसं धाडू?" आणि चिमूटभर साखर घालून त्यांनी गडू परत आत सोडला.

चूक झाली ती इथेच. आपल्यात शेजारणी अशी भांडी वर्षानुवर्षं फिरवतात, पण मध्येच एखादी विसरते, एखादी भांडते, आणि विषय संपतो. बावडीतल्याला हे थांबवायचं कुठे ते कोणी शिकवलंच नव्हतं.

त्याच्याशी बोलायचं म्हणजे एवढंच. गडूत जे घालायचं ते स्वतःच्या हातानं, आणि घालताना मनात जे असेल ते त्याला पोचायचं. वर आलेल्या पाण्याचा एक घोट घेतला की त्याच्या मनातलं आपल्याला कळायचं. भाषा नाही, शब्द नाहीत. मी एकदाच घोट घेतला. त्या घोटात मला हात नव्हते, आणि नसल्याचं दुःखही नव्हतं. फक्त खूप लांब कुठेतरी माझ्यासारखी पुष्कळजणं होती, आणि ती आता नव्हती. मी दिवसभर रडले. पण हात ओळखायचं ते जाऊबाईंचाच. मी बेसनाचा लाडू घालून पाहिला, तो जसाच्या तसा वर आला. राग आला मला, खरं सांगते.

मग जाऊबाई तापानं पडल्या आणि रोज सकाळचा गडू सोडायचा राहिला. दुपारपर्यंत शहरातल्या सगळ्या विहिरींच्या पाण्याला त्याचं वाट बघणं लागलं. जो पाणी पिईल तो उंबऱ्यात येऊन बसे. सोनारानं भट्टी सोडली, तान्ही पोरं दूध सोडून दाराकडे बघत राहिली. कोणाची वाट बघताय म्हटलं तर सांगता येईना. शेवटी अंगात ताप असताना जाऊबाईंना धरून बावडीवर नेलं, तेव्हा शहर उठलं.

दुसऱ्या दिवशी शहराचे सरकारी अंमलदार, कमाविसदार नीलकंठराव, यांच्याकडून शाल आली, आणि शालीमागून शिपाई. तो फाटकावर बसला तो बसलाच. जाऊबाई देवळाकडे निघाल्या तरी म्हणायचा, "माँसाब, हुकम नी है." परस, बावडी, स्वयंपाकघर, एवढंच त्यांचं जग उरलं.

त्यांची एकुलती लेक दुर्गा देवासला दिलेली. तिचं पहिलं मूल जन्मताच गेलं, तेव्हा जाऊबाई इथे साखर घालत होत्या. आता तिचे पुन्हा दिवस भरत आले. सासरचे तिला इकडे धाडायला तयार नव्हते. त्यांचं तरी काय चुकलं? असल्या पाण्यावर पोटुशी बाई कोण ठेवील? गाडीवानाबरोबर तिचा निरोप आला, "आईला सांगा, या खेपेला मला एकटीला होणार नाही."

जाऊबाई नीलकंठरावांच्या पाया पडल्या. ते म्हणाले, "बाई, एका बाळंतिणीपायी मी सगळं शहर उंबऱ्यात बसवू?" तेही खोटं नव्हतं, म्हणून तर माझा जास्तच जळफळाट झाला. मी म्हटलं, "गडू पालथा घालून ठेवा. घरात सुतक आहे असं समजेल ते, आणि थांबेल."

"पोरीचे दिवस भरलेत," जाऊबाई म्हणाल्या, "आणि मी सुतक म्हणू?"

सकाळी त्यांनी दुर्गाच्या बाळासाठी शिवलेलं टोपडं गडूत ठेवलं. हात आतच ठेवून बराच वेळ उभ्या राहिल्या. मग दोर सोडला.

वर आला तो गडू कोरडा ठणठणीत. भरल्या बावडीतून, थेंबही नाही, टोपडंही नाही. इतक्या वर्षांत त्यानं रिकामं भांडं कधी धाडलं नव्हतं. शिपाई धावत गेला आणि घाबरत घाबरत विहिरीचं पाणी प्याला. आम्ही त्याच्या तोंडाकडे बघत होतो.

"पानीच है, माँसाब," तो म्हणाला, आणि कोणाचा हुकूम न विचारता त्यानं फाटक उघडलं.

जाऊबाई पोचल्या, वेळेवर पोचल्या. मुलगी झाली, दोघी सुखरूप. सव्वा महिना करून जाऊबाई परत आल्या त्या तशाच बावडीवर गेल्या. गडूत साखर घालून सोडला. वर आलं ते साखरेचं पाणी. घोट घेतला, पुन्हा घेतला. गोड होतं, बाकी काही नाही.

तेव्हापासून रोज सकाळी हेच. शिपाई गेला, फाटक सताड उघडं असतं, दुर्गा देवासला कायमचं बोलावते. नात उभी राहिली, चालायला लागली, आजीनं काही पाहिलं नाही. एकदा मी चिडून म्हटलं, "जाऊबाई, आता कोणी अडवलंय तुम्हाला?"

"अगं, माझ्यासाठी त्यानं रीत मोडली. आणि मी उठून जाऊ?" त्या म्हणाल्या. "टोपडं ठेवून घेतलंय ना त्यानं. म्हणजे आहे ते खाली."

सकाळी डब्यातून साखर मीच काढून देते.