भिंतीवरचा नट

हसायचं तर आत्ताच हसून घ्या. मधेच हसलात तर मी चहा अर्धा टाकून उठेन. माझ्या मूर्खपणाचा हा सगळ्यात मोठा नमुना आहे, आणि माझ्याकडे नमुन्यांची कमी नाही.

मी नट आहे हे तुम्हाला माहीतच असेल. नाही? मग तुम्ही आमच्या बदलापुरातल्या बेलवलीच्या बिल्डिंगमधलेच दिसता. सिनेमा-मालिकांत हवालदार, वेटर, वरातीतला काका करत केस पिकले माझे. सगळ्यात जास्त चाललेलं काम म्हणजे एका रोजच्या मालिकेतले स्वर्गवासी बाबा. म्हणजे भिंतीवरचा फोटो. गळ्यात चंदनाचा हार, आणि समोर हिरोईन रडतेय. फोटो माझ्याच घरचा, फ्रेमसकट. प्रॉडक्शनवाले इतके कंजूष की त्यात खिळा तेवढा त्यांचा होता.

बिल्डिंगचे सेक्रेटरी भोईरकाका जिन्यात भेटले की विचारायचे, "काय रं, आज पन लटकलेलाच का?" या माणसाला अभिनयातलं ओ की ठो कळत नाही. मी म्हणायचो, "काका, मी डोळ्यांनी बोलतो."

आणि एक दिवस मालिकेच्या मॅडमचा फोन आला. "सर, बाबा जिवंत होतायत. शनिवारी अंबरनाथच्या शूटिंगच्या बंगल्यावर या."

मेलेला माणूस परत आणल्याशिवाय यांच्या मालिका पुढे सरकत नाहीत, त्यामुळे मला नवल वाटलं नाही. पुढचं काही विचारलंही नाही. त्याच दिवशी दुसरीकडून हवालदाराचा रोल आला होता, चांगली चार वाक्यं होती त्यात. मी सांगितलं, "असली किरकोळ कामं मी आता करत नाही."

बायको म्हणाली, "अहो, आधी नीट विचारा तरी."

"वैशाली, तुला यातलं कळत नाही," असं म्हणून मी खाली गेलो आणि भोईरकाकांना मोठ्या मनानं सुचवलं, की शनिवारी संध्याकाळी बिल्डिंगनं माझा सत्कार केला तर माझी काही हरकत नाही.

शनिवारी दाढी गुळगुळीत करून बंगल्यावर पोचलो. तिथे रेशमी कुर्ता घालून एक मोठे नट मेकअप करून घेत बसले होते.

"मॅडम, हे कोण?"

"बाबा."

"मग मी?"

"तुमचा फोटो उतरवलाय ना, सर. फ्रेम तुमची, म्हणून बोलावलं. हरवली तर उगाच तुम्हीच बोंबलाल."

"पण चेहरा वेगळा आहे. लोक विचारणार नाहीत?"

"अपघातानंतर प्लास्टिक सर्जरी दाखवतोय. डॉक्टरांनी चांगला चेहरा दिला."

चांगला, म्हणे.

हारासकट फोटो मांडीवर घेऊन रिक्षात बसलो. रिक्षावाल्यानं फोटो पाहिला आणि गाणं बंद केलं. थोड्या वेळानं हळूच म्हणाला, "वडील का?"

"नाही. मीच."

त्यानं आरशातून एकदा माझ्याकडे नीट पाहिलं. बदलापूर येईपर्यंत त्यानं ब्रेकला पाय लावला नाही. मला उतरवल्यावर मागे वळूनही न बघता सुसाट निघून गेला.

गेटवर खुर्च्या, शाल, फुलांचा हार, नारळ, सगळी बिल्डिंग जमलेली. एवढी मोठी फ्रेम लपवणार कुठे? मी एका दमात खरं काय ते सांगून टाकलं. कुणी हसलं नाही, तेच जास्त लागलं. हवालदाराची चार वाक्यं आठवली. वैशालीनं माझ्या हातातून फोटो घेतला आणि सत्काराच्या खुर्चीवर ठेवला.

"हार आनलाय तर वाया कशाला घालवाचा," म्हणत भोईरकाका पुढे आले. मी लगेच मान झुकवली. ते मला ओलांडून गेले आणि हार फोटोला घातला.

"काका, मी इथे उभा आहे."

"तू काय केलंस? काम यानं केलंय. रोज डूटीवर हजर. एक दिस खाडा नाय."

टाळ्या वाजल्या. माझ्या हातात नारळ आला, तो तेवढा धरून मी खुर्चीशेजारी उभा राहिलो. काकांनी मोबाईल काढला, एक डोळा मिटला आणि म्हणाले, "तू जरा बाजूला सरक. फोटोचा फोटो काढाचाय."

आणि मी सरकलो.