उतरलेल्या पट्टीचा जल्लोष

जानेवारीत, म्हणजे इथल्या भर उन्हाळ्यात, न्यूझीलंडमधल्या आमच्या अप्पर हटचं ऊन मावळायचं नावच घेत नाही. आठ वाजून गेले तरी डोंगरमाथ्यावर ते पिवळंधमक रेंगाळत असतं, नुकत्याच कापलेल्या गवताचा ओला, किंचित गोडसर गंध गल्लीभर दरवळत असतो, नदीकडून येणारा वारा पडद्यांना हळूच स्पर्श करून जातो, आणि अशा त्या प्रशांत, मंगल म्हणावं अशा वेळी आमच्या घरातली एक भिंत थरथरायला लागते. भिंतीपलीकडे माझी पंधरा वर्षांची लेक केतकी तिच्या लाडक्या अमेरिकन बँडची सीडी लावून बसलेली असते. पंक रॉक! पहिल्यांदा ते कानावर आलं तेव्हा मला वाटलं, शेजाऱ्याचं लॉनमोवर बिघडलं.

त्या बँडचं नाव मी इथे लिहीत नाही. ते मराठीत लिहिलं तर आमच्या भजनी मंडळातल्या बायका मला दारात उभं करणार नाहीत. पण त्याची कुळकथा मात्र मला तोंडपाठ होती, कारण केतकी दुसरं काही बोलतच नसे. कॅलिफोर्नियातल्या कुठल्याशा गावात, कुणाच्या तरी गॅरेजमध्ये, चार पोरं जमली तेव्हा मी पुण्यात फार्मसीच्या पहिल्या वर्षाला होते. म्हणजे ती चौघं माझ्याच वयाची. एका जुनाट व्हॅनमध्ये गिटारींच्या खोक्यांवर झोपून त्यांनी अख्खी अमेरिका पालथी घातली, दोनदा भांडून वेगळे झाले, मधली काही वर्षं एक जण शाळेत शिकवत होता, एक जण घरं रंगवत होता, ड्रमवाला कायमचा सोडून गेला आणि त्याच्या जागी त्याचाच धाकटा भाऊ आला. मग पुन्हा जमले. त्यांची फॅशन गेली, पुन्हा आली, पुन्हा गेली, आणि हे आपले वाजवतच राहिले. "आई, दे जस्ट केप्ट गोइंग," असं केतकी डोळे मोठे करून सांगायची आणि मी पोळी लाटता लाटता म्हणायची, हो गं बाई, दुसरा उद्योग काय त्यांना!

आता माझ्याविषयी सांगते. मी फार्मसिस्ट. दिवसभर गोळ्यांची पाकिटं आणि म्हाताऱ्यांचे रक्तदाब. पण दर गुरुवारी संध्याकाळी मी वेगळी बाई असे. या गावात आलो त्या वर्षीच आम्ही पाच-सहा मराठी बायकांनी भजनी मंडळ सुरू केलं होतं. पेटीवर मंजिरी, मुंबईची, इस्पितळात नर्स, हात भलताच तयार. टाळ शैलाताईंकडे, त्या आमच्यात थोरल्या, सोलापूरकडच्या, मुलाकडे राहायला आलेल्या आणि इथल्याच होऊन गेलेल्या. आणि पुढे बसून सांगणारी, म्हणजे बाकीच्यांनी जिच्या मागून म्हणायचं ती, मी. कारण मी रीतसर शिकलेली, आणि माझी पट्टी काळी पाच. पेटीवरच्या काळ्या पट्ट्यांतली सगळ्यात वरची. गुरुजींनी तेराव्या वर्षी ती माझ्यासाठी ठरवून दिली होती आणि आमच्याकडे पट्टी म्हणजे रक्तगटासारखी, एकदा ठरली की ठरली. लोक कौतुकानं म्हणत, काय चढा आवाज आहे हो! वेलिंग्टनच्या गणपतीत माझं नाव पुकारलं की सूत्रसंचालक आधी काळी पाच म्हणायचा आणि मग माझं आडनाव. खोटं कशाला सांगू, मला ते फार आवडायचं.

आदल्या हिवाळ्यात माझ्या थायरॉइडच्या गाठीचं ऑपरेशन झालं. गाठ साधी निघाली, देवाची कृपा. डॉक्टरांनी आधी बजावलं होतं की आवाजाच्या नसा तिथूनच जातात, आणि झालंही तसंच. बोलणं जसंच्या तसं राहिलं, पण वरचे सूर गेले. तार षड्जाकडे निघालं की गळ्यात कुणीतरी दार लावून घ्यावं तसं व्हायचं आणि नुसती हवा बाहेर यायची. सहा महिने व्यायाम केले, वाफारे घेतले, रडून झालं, सुहासवर, म्हणजे माझ्या नवऱ्यावर, विनाकारण खेकसूनही झालं. तो बिचारा एकदा म्हणाला, थोडं खालच्या सुरात गाऊन बघ ना. मी त्याच्याकडे असं काही पाहिलं की पुन्हा त्यानं तो विषय काढला नाही. खालच्या सुरात! म्हणजे चारचौघींत बसून आपली हार गाऊन दाखवायची. त्यापेक्षा न गायलेलं बरं. पण मी सांगितलं नाही तर मंडळात दुसरं सांगणारं कुणीच नव्हतं. त्या सहा महिन्यांतले गुरुवार नुसत्या चहावर निघाले, मग मीच म्हटलं की येत्या गुरुवारी शेवटचं जमू, आरती करू आणि मंडळ थांबवू. कुणी वाद घातला नाही. शैलाताईंनी तेवढे टाळ उगाचच पदरानं पुसले.

आणि नेमकं त्याच आठवड्यात केतकीचा बँड वेलिंग्टनला आला. शनिवारी, पाच वाजता. लहान मुलांबरोबर पालक हवा असा नियम, सुहास ऑफिसच्या कामासाठी ऑकलंडला, राहिलं कोण? मी कुरकुरत निघाले. दुकानातले कानात घालायचे फोमचे बोळे घेतले, पर्समध्ये धपाट्यांचा डबा टाकला, कारण तिथे काय मिळणार, बिअर आणि चिप्स! ट्रेनमध्ये केतकी काळा टी-शर्ट आणि जँडल्समध्ये, म्हणजे इथल्या रबरी चपलांत, मी सलवार-कमीज आणि वाऱ्यासाठी जाकीट. दोघी दोन वेगळ्या गावांना निघालेल्या दिसत असू. दारावरच्या आडदांड माणसानं पर्स उघडायला लावली, डबा उघडून हुंगला, डोळे मिटून पुन्हा एकदा हुंगला आणि "किया ओरा, आंटी, स्वीट ॲज," म्हणजे नमस्कार, एकदम झकास, असं म्हणत आत सोडलं. एक धपाटं त्याला देऊनच मी पुढे गेले.

आतला वास मात्र वर्णन करण्यासारखा नव्हता. सांडलेली बिअर, घाम, ओल धरलेला गालिचा आणि कुणाच्या तरी केसांना फासलेला उग्र साबण. मी भिंतीला टेकून उभी राहिले. माझ्या आजूबाजूला पोरंच असतील असं मला वाटलं होतं, तर छे! टक्कल पडलेले पुरुष होते, चष्मेवाल्या बायका होत्या, एका गृहस्थाच्या खांद्यावर सहा वर्षांचा नातू असावा असं पोर होतं. दिवे मालवले आणि ती चौघं मंचावर आली. गायकाचं पोट सुटलेलं, केस पांढरे, टी-शर्टच्या गळ्यात वाचायचा चष्मा अडकवलेला. दुकानात कोलेस्टेरॉलची गोळी न्यायला येतो तसला माणूस! मग त्यानं मान खाली घातली, पायानं ठेका धरला, आणि जो काही नाद उसळला तो कानांना आधी कळलाच नाही, तो पायांतून वर चढला.

पहिलंच गाणं ओळखीचं निघालं. दोन वर्षं भिंतीतून झिरपत माझ्या स्वयंपाकघरात येणारं, त्या बँडनं विशीत केलेलं, सगळ्यात गाजलेलं. शब्द मला कधीच कळले नव्हते, पण सूर पक्के बसले होते. शिकलेला कान असला की नको ते सूरही मुक्कामाला येतात. आणि तिथेच मी चमकले. काहीतरी चुकत होतं. मी एका कानातला बोळा काढला. बाई गं! अख्खं गाणं खाली आणलेलं होतं. चांगल्या दोन पट्ट्या खाली! मला असा काही संताप आला म्हणता. इतके पैसे घेता, जगभर मिरवता, आणि गाणं उतरवून गाता? ही तर फसवणूक! मी केतकीचा दंड धरून तिच्या कानात ओरडले, "अगं, पट्टी उतरवलीय त्यानं!"

तिनं माझ्याकडे असं पाहिलं की जणू मी सूर्य पूर्वेला उगवतो अशी बातमी दिली होती. "आई, त्याचं थ्रोटचं ऑपरेशन झालंय. गिटार्स खाली ट्यून करतात आता. एव्हरीवन नोज!"

सगळ्यांना माहीत होतं. त्या टक्कलवाल्यांना, त्या चष्मेवालीला, कदाचित त्या खांद्यावरच्या पोरालाही. आणि कुणाचंच काही बिघडलं नव्हतं. गाणं संपलं तेव्हा गायक हातानं घाम पुसत, धापा टाकत माईकशी आला आणि हसत जे म्हणाला ते मला अजून लख्ख आठवतं. ही गाणी आम्ही पोरसवदा असताना फार वर बांधली होती, म्हणाला, उगाच भाव खात होतो. तुम्हाला कुणाला ती आमच्याबरोबर म्हणता यायची का? सभागृहातून एकमुखानं "नो!" आलं. "मग आता म्हणा," असं म्हणून त्यानं पुढच्या गाण्याला हात घातला, आणि ध्रुवपद आलं तेव्हा चक्क माईकपासून दोन पावलं मागे सरून उभा राहिला.

काय सांगू मी त्या क्षणाविषयी! शेकडो कंठ एकदम उठले. बेसूर होते, बसके होते, कुणाचा फाटका, कुणाचा किनरा, पण सगळ्यांना तो सूर पोहोचत होता, तो त्यांच्या हाताशी येऊन उभा राहिला होता, आणि त्या आनंदानं छपराखालची हवासुद्धा उजळल्यासारखी वाटत होती. माझ्या डोळ्यांना कधी धारा लागल्या ते मला समजलं नाही. दुसऱ्या कानातला बोळाही मी काढून टाकला. तिसऱ्या वेळी ध्रुवपद आलं तेव्हा मी तोंड उघडलं. शब्द चुकीचे, अर्थ ठाऊक नाही, पण सहा महिन्यांनी माझ्या गळ्यातून भरघोस, सलग, न अडखळणारा सूर निघाला आणि कुठलंही दार बंद झालं नाही. केतकी माझ्याकडे बघतच राहिली. मग तिनं माझा हात वर धरला आणि आम्ही दोघी मायलेकी त्या घामट गर्दीत वेड्यासारख्या ओरडत राहिलो.

परतीच्या ट्रेनमध्ये बंदराच्या पाण्यावर अजून उजेड होता. केतकी माझ्या खांद्यावर डोकं ठेवून पेंगत होती आणि मी त्या चौघांचा विचार करत होते. इतकी वर्षं टिकले याचं मला नेहमी नवल वाटायचं ते त्यांच्या हट्टाचं. वाटायचं, दगडासारखे आहेत, बदलत नाहीत म्हणून टिकले. आता उलटंच दिसू लागलं. भाऊ गेला तर भाऊ आणला, व्हॅन मोडली तर बस पकडली, गळा उतरला तर गाणं उतरवलं, आणि जे सोडायचं नाही ते मात्र एकदाही सोडलं नाही. ते म्हणजे नेमकं काय, हे मला शब्दांत सांगता येत नव्हतं. पण मी आयुष्यभर पट्टीलाच गाणं समजत आले होते, एवढं त्या गाडीत मला कळून चुकलं.

गुरुवारी सगळ्या माझ्याकडे जमल्या. आरतीचं तबक तयार होतं, मोगऱ्याची उदबत्ती लावलेली, चेहरे मात्र सुतकी. मंजिरीनं सवयीनं भाता उघडला आणि बोट काळी पाचवर ठेवलं. मी म्हटलं, "काळी तीन दे." तिला वाटलं माझी थट्टा चाललीय. "काळी तीन गं, दे तर खरं!" तिनं दिली. मी डोळे मिटले आणि गजर सुरू केला. माझाच आवाज मला परका वाटला. जाडसर, पोक्त, कुणा आत्याबाईचा असावा तसा. पहिल्या ओळीला लाज वाटली, दुसऱ्या ओळीला जरा सैल झाले, आणि मग ध्रुवपद आलं.

तेवढ्यात डावीकडून एक आवाज उठला. मोकळा, रांगडा, शेतावरून हाक मारावी तसा भरदार आवाज. मी डोळे उघडले. शैलाताई! इतकी वर्षं नुसते टाळ वाजवून ओठ हलवणाऱ्या, "मला मेलीला कुठलं गाणं येतंय" म्हणणाऱ्या शैलाताई मान वर करून गात होत्या. काळी पाचवर त्यांना कधी पोहोचताच आलं नव्हतं आणि हे इतक्या वर्षांत त्यांनी बोलूनही दाखवलं नव्हतं. त्यांच्यामागून मंजिरीनं सूर धरला, मग बाकीच्यांनी, आणि आमच्या त्या बैठकीच्या खोलीत असा काही गजर उसळला की शेजारचे गृहस्थ बागेचा पाइप हातात धरून कुंपणापाशी येऊन उभे राहिले. दारात केतकी टाळ्या वाजवत ठेका धरत होती. आरतीच्या तबकाकडे कुणाचंही लक्ष नव्हतं. पुढचं कडवं सांगायला मी श्वास घेतला, पण त्याआधीच शैलाताईंनी ते उचललं, माझ्याकडे न बघताच, अगदी आपल्या हक्कानं. आणि मी घेतलेला तो श्वास तसाच धरून, पहिल्यांदाच, दुसऱ्या कुणाच्या तरी मागून म्हणू लागले.