गोडाऊनमधलं थडगं

आता ऐकायचंच असेल तर आधी हातातले कप खाली ठेवा. मागे हा किस्सा सांगताना एकाच्या नाकातून चहा आला होता, आणि माझ्या नव्या गालिच्यावर तो डाग अजून आहे. परदेशात येऊन माणूस थोडंफार शेण खातोच. मी सलमाबादला जे खाल्लं, ते मात्र ताट भरून खाल्लं.

माझं नाव मिलिंद. मूळचा अकोल्याचा, बहरीनमध्ये एसी टेक्निशियन. आम्ही बौद्ध माणसं. भूत, देवऋषी, लिंबू-मिरची या सगळ्यांना आमच्या घराचा उंबरा बंद. त्यातून मी इथल्या आमच्या मंडळींच्या शुक्रवारच्या, म्हणजे सुट्टीच्या दिवसाच्या, वंदनेनंतर अंधश्रद्धेवर बोलणारा ठरलेला वक्ता. ‘भूत दाखवा, मी त्याला फुकटात एसी बसवून देतो,’ हे माझं टाळ्यांचं वाक्य होतं.

आमची कंपनी मालकांच्या वतीने गोडाऊनं भाड्याने देते. सलमाबाद म्हणजे इथली गॅरेज-गोडाऊनांची वस्ती. तिथल्या मागच्या गल्लीत एक गोडाऊन फार दिवसांपासून रिकामं पडलं होतं. आमचे मॅनेजर कुरियन साहेब म्हणाले, रविवारी नवा भाडेकरू येतोय, खेळाबिळाची पार्टी आहे, जागा तयार ठेव. काम नीट झालं तर तुला सुपरवायझर करतो. एवढं बोलून ते पुतणीच्या लग्नाला केरळला गेले.

सुपरवायझर म्हणजे काय, तुम्हाला कळतंय ना? सुपरवायझर म्हणजे फॅमिली व्हिसा. म्हणजे माझी बायको सुजाता आणि माझी लेक गार्गी इथे, माझ्याजवळ. कित्येक वर्षं मी त्या एका शब्दाची वाट बघत होतो. तिकडे सुजाताने गार्गीचा शाळेचा दाखलासुद्धा काढून ठेवला होता.

तर मी आणि रफीक, माझा बांगलादेशी हेल्पर, आम्ही दोघं कामाला लागलो. गोडाऊनचे दोन भाग. पुढे ऑफिस, मागे मोठा हॉल, मध्ये प्लायवूडचं दार. हॉल सगळ्यात शेवटी झाडायचा असं ठरवून आम्ही तो उघडलाही नव्हता. आधी छतावर चढून एसी दुरुस्त केले, चालू करून सोडले आणि ऑफिसला रंग लावायला घेतला.

दुसऱ्या दिवसापासून आवाज सुरू झाला.

तुम्ही उन्हाळ्यातली सलमाबादची दुपार बघितलेली नाही. बाहेरची कामं नियमानेच बंद. गॅरेजची शटरं खाली, कुत्री ट्रकखाली, हवेत धूळ अशी की सूर्य आहे पण दिसत नाही, नुसता पांढरा उजेड. सावली कुठेच पडत नाही. माणसांनी भरलेली वस्ती, आणि एकही माणूस नाही. अशा वेळी त्या बंद हॉलमधून आवाज आला. धप्प.

मग शांतता. कुणीतरी श्वास घ्यावा, काहीतरी आठवावं, इतकी शांतता. मग जमिनीवर पाय घासल्याचा आवाज, आणि पुन्हा धप्प.

रफीकने ब्रश डब्यात ठेवला. ‘भाई, अंदर आदमी है.’

मी म्हणालो, पत्रा तापतोय, असे आवाज होतात. विज्ञान आहे. रफीकने मान हलवली आणि रस्त्यावर जाऊन उभा राहिला. त्या उन्हात. यावरून काय ते समजा.

पुढच्या दुपारी मी एकटा दारापाशी गेलो. धप्प. पाय घासला. आणि यावेळी पुटपुटणंही ऐकू आलं. कुणीतरी स्वतःशीच बोलत होतं, समजूत काढल्यासारखं, पण शब्द कळत नव्हते. माझा हात दारावर होता आणि तो दार ढकलत नव्हता. शेवटी मी त्याला बळेच ढकलायला लावलं तोवर आतलं सगळं गप्प झालं होतं.

हॉल रिकामा होता. एसी मंद घुरघुरत होता. आणि मधोमध थडगं होतं.

हसू नका. लाल मातीचं. बहरीनमध्ये लाल माती येणार कुठून? इथली वाळू पिठासारखी. आणि हा लांबट, एका बाजूला उतरता, थापून थापून गुळगुळीत केलेला लाल उंचवटा, माणूस आडवा मावेल एवढा. वरच्या टोकाला पांढरी पाटी बसवलेली, त्यावर नाव नाही. पाटीवर पांढऱ्या भुकटीचा पंजा उमटलेला, आणि तो पंजा माझ्या पंजाच्या दीडपट. भोवती कसल्याशा बियांची सालं. समोरच्या भिंतीला एक गादी उभी केलेली, तिच्यावर माणसाच्या छातीएवढ्या उंचीवर काळपट डाग. आणि फरशीवर पाण्याचे थेंब, माझ्या डोळ्यांदेखत वाळत होते.

तुम्ही म्हणाल, मागच्या दाराने कुणी गेलं असेल. चहा पिताना असं छान सुचतं. मी मागचं दार ओढून बघितलं, ते बाहेरून बंद होतं. मग माझ्या लक्षात आलं की आपण दिलेला शब्द पाळलाय. भुताला खरंच एसी बसवून दिलाय.

रफीकने कामगारांच्या कॅम्पमध्ये ऐकलेली गोष्ट सांगितली ती तेव्हाच. पूर्वी इथे वर्कशॉप होतं. तिथला एक कामगार एक दिवस नाहीसा झाला. मालक म्हणाला पळाला असेल, विषय खलास. कुणी शोधलं नाही. नावसुद्धा कुणाला आठवत नाही.

आता माझी अवस्था बघा. पोलिसांना सांगावं तर गोडाऊन सील होणार, रविवार जाणार, सुपरवायझर जाणार, सुजाता-गार्गी अकोल्यातच राहणार. न सांगावं तर कुणाच्या तरी पोटच्या पोराच्या अंगावर मी रंगकाम करून किल्ली देणार. कुरियन साहेबांना फोन लावला, तो लागलाच नाही.

शुक्रवारी वंदना झाल्यावर मी वानखडे काकांना बाजूला घेतलं. काका अमरावतीचे, एका कंपनीत अकाउंटंट, आणि आमच्यात त्यांचा शब्द शेवटचा. त्यांनी सगळं ऐकून घेतलं. मी कबूल केलं की मला पोलिसांपेक्षा व्हिसाची जास्त काळजी वाटते.

‘वाटणारच बापा, तू काही दगड आहेस का?’ काका म्हणाले. ‘पण मातीत माणूस आहे. त्याची जात मले माहीत नाही, धर्म माहीत नाही, पण माणूस आहे. आज तिथे जाऊन, मेणबत्ती लावून आपण त्याचं पुण्यानुमोदन करू. उद्या तू पोलिसात जाशील. मग तुया व्हिसाचं जे होईल ते होईल.’

मी हो म्हणालो.

तर शुक्रवारची दुपार. तोच पांढरा उजेड. आम्ही दहा-बाराजण वंदनेच्या पांढऱ्या कपड्यांतच होतो. हॉलमधले दिवे रफीकला सापडले नाहीत, किंवा त्याने शोधलेच नाहीत. थडग्याच्या कडेने मेणबत्त्या लावल्या, फुलं वाहिली. त्रिशरण-पंचशील झालं. मग काका म्हणाले, मिलिंद, दोन शब्द बोल.

मेलेल्या माणसाची माहिती शून्य. काय बोलणार? मी डोळे मिटले आणि जे आलं ते बोलत गेलो.

‘या भावाचं नाव आम्हाला माहीत नाही. हा एका कंपनीतून दुसरीत गेला, एका देशातून दुसऱ्यात. पेटी कधी पूर्ण उघडली नाही. दरवर्षी त्याला वाटायचं, यंदा नक्की. यंदा आपण कायम होणार, यंदा घरच्यांना बोलावणार. घरी फोनवर सांगायचा, मस्त चाललंय, जेवलो, मित्र आहेत. आणि फोन ठेवला की भिंतीकडे तोंड करून पडायचा. लेकीचा आवाज बदलला, ते त्याला फोनवरच कळलं.’

इथे मी थांबलो. तर मागे कुणीतरी हुंदका दिला. जाड, खर्जातला हुंदका. आमच्यात असा आवाज कुणाचाच नाही.

मग एक मेणबत्ती आडवी झाली. मग रफीकची चप्पल वाजत वाजत लांब गेली. आणि मग माझ्या खांद्यावर हात पडला.

मी डोळे उघडले. हात पांढरा होता. भुकटीने माखलेला, दीडपट पंजा. त्याच्यामागे दारात मावणार नाही असा उंच माणूस, पांढरी विजार, अंगावर लाल माती. डोळ्यांतून पाणी वाहत होतं.

अंधश्रद्धेवरच्या ठरलेल्या वक्त्याने काय केलं असेल? मी त्याचे पाय धरले. अकोल्याच्या मराठीत त्याची माफी मागितली. म्हणालो, बापा, उद्या खरंच पोलिसात जाणार होतो, माया लेकीची शपथ!

पाय गरम होते. बुटांना घामाचा वास होता. तेव्हा कुठे मला शंका आली.

त्याचं नाव डॅरेल. अमेरिकेचा. आमचा नवा भाडेकरू तोच. जागेच्या अरबी मालकाने मागच्या दाराची किल्ली त्याला परस्पर दिली होती, आणि लाल माती त्याने पोत्यांनी मागवली होती. तो बेसबॉलचा पिचर. आपला बोलर समजा, फक्त पळत येत नाही. मातीच्या उंचवट्यावर उभा राहून, त्या पांढऱ्या पाटीला पाय टेकवून फेकतो. भुकटी बॉल घट्ट धरायला. बिया चघळायला. थेंब घामाचे. गादीवर बॉल आदळला की धप्प. झालं, माझं अख्खं भूत सुटं होऊन समोर पडलं.

पण तो मला विचारत होता, एक शब्द कळला नाही तरी माझ्या मातीपुढचा तुझा आवाज ऐकून रडू आलं, तू आत्ता काय म्हणालास? काकांनी एकेक वाक्य इंग्रजीत करून सांगितलं. तो ऐकता ऐकता त्या उंचवट्यावरच बसला. तो म्हणाला, ‘माझ्याबद्दल हे सगळं तुला कुणी सांगितलं?’

मग त्याने स्वतःचं सांगितलं. उमेदीची सगळी वर्षं त्याने बॉल फेकण्यात घालवली. अमेरिकेतल्या आडगावांच्या टीमा, मग मेक्सिको, मग तैवान, आणखी कुठे कुठे. रात्रभर बसने जायचं, सकाळी फेकायचं. एक दिवस मॅनेजर खांद्यावर थोपटायचा, की समजायचं, बॅग उचला. एकदाच, फक्त एकदाच, मोठ्या टीमने बोलावलं. तो रोज हात गरम करून बसायचा. शेवटच्या दिवशी त्याला उठवलंही, पण तो मैदानात जायच्या आत खेळ संपला. दुसऱ्या दिवशी परत पाठवणी. मोठ्या मैदानावर त्याच्या हातून एकही बॉल पडला नाही. आपला बारावा गडी निदान पाणी तरी घेऊन आत जातो.

आता तो इथे मुलांना शिकवणार होता. खांदा गेलाय हे मुलांना कळू नये म्हणून दुपारी एकटाच येऊन सराव करत होता, आणि स्वतःशी बोलून खांद्याची समजूत काढत होता.

त्याला वाटलं, ही कुठून तरी आलेली पांढऱ्या कपड्यांतली माणसं आपलं सगळं आयुष्य जाणतात. खरं सांगू? त्या क्षणी आमच्यात भुतासारखा तो एकटा दिसत नव्हता.

त्याने विचारलं, हे कशासाठी? माझ्या सुपरवायझरपदाचा जीव काकांच्या जिभेवर होता. आयुष्यात खोटं न बोललेले काका छताकडे बघत म्हणाले की आमच्याकडे नवी जागा अशीच सुरू करतात, कष्ट करून गेलेल्यांची आठवण काढून. पंचशील म्हणून अर्धा तासही झाला नव्हता. परतताना त्यांनी गाडीत चौथं शील, खोटं न बोलण्याचं, पुन्हा म्हटलं.

रविवारी कुरियन साहेब आले. डॅरेलने त्यांना सांगितलं की इतक्या देशांत खेळलो, पण माझ्या मातीसाठी कुणी मेणबत्ती लावली नव्हती, तुमचा हा माणूस सोडू नका. मी सुपरवायझर झालो. पुढे सुजाता आणि गार्गीही आल्या.

फक्त एक लचांड मागे लागलं. डॅरेलकडे शिकणाऱ्या मुलांचा नवा सीझन माझ्याशिवाय सुरू होत नाही. मेणबत्ती मी लावायची आणि भाषणही तेच हवं, शब्द बदललेला त्याला चालत नाही. जपानी, कोरियन, अमेरिकन आईबाप टोप्या काढून उभे राहतात, आणि अंधश्रद्धेचा वैरी मातीच्या ढिगापुढे बोलतो.

यंदा सुजाताने ते पहिल्यांदा ऐकलं. आम्ही हमद टाउनला घरी निघालो. आमच्या घराआधीच्या गोल चौकात गाडी आली तेव्हा ती बोलली.

‘अहो, ते भाषण कोणासाठी केलं होतं?’

‘असंच. एका अनोळखी माणसासाठी.’

‘फोनवर जिचा आवाज बदलला, ती लेक अनोळखी माणसाची?’

मी स्टिअरिंग घट्ट धरलं.

‘मी तिकडून विचारून विचारून थकली, खरं सांगा बा, कसे आहात. तर मले म्हणे, मस्त. अन् खरं काय ते सांगितलं कोणाले, तर मातीच्या ढिगाले.’

चौकातून बाहेर पडायचा रस्ता माझ्या हातून सुटला. मी तसं म्हणालोही.

‘सुटू द्या,’ सुजाता म्हणाली. ‘फिरत राहा. पण आता मले सांगा. पहिल्यापासून.’

थडग्यापुढे घडाघडा बोलणारा मी. जिवंत बायकोपुढे पहिलं वाक्य सुचायला त्या चौकाला आणखी दोन फेऱ्या माराव्या लागल्या.